वाहत्या आकड्यांचा फलक
नदीची पातळी, पाऊस व विसर्ग यांच्या नोंदी गावात कशा मांडाव्यात आणि कशा वाचाव्यात

नदीकाठच्या शेतकऱ्यास पावसाळ्यात काही निर्णय वेळेआधी घ्यावे लागतात. काठावरची विजेची मोटार केव्हा वर काढावयाची, गोठ्यातील जनावरे केव्हा हलवावयाची, वैरण व बियाणे माळ्यावर केव्हा चढवावयाचे, हे पाणी दारात आल्यावर ठरवून चालत नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२१ च्या जुलैमध्ये पंचगंगेचे पाणी कोल्हापूरजवळच्या राजाराम बंधाऱ्यावर ५५ फुटांच्या वर गेले. त्या बंधाऱ्यावर ३९ फूट ही इशारा पातळी व ४३ फूट ही धोका पातळी मानली जाते. दोन्ही महापुरांत ज्यांनी पातळीकडे नीट लक्ष दिले त्यांना हालचालीस अवधी मिळाला, ही गोष्ट काठावरची माणसे आजही सांगतात.

पूर्वी ही पातळी दवंडीने किंवा दूरध्वनीने कळत असे. आता ती मोबाइलवर व ग्रामपंचायतीच्या स्क्रीनवर दिवसभर येत राहते. महाराष्ट्रात ‘महावेध’ प्रकल्पाखाली महसूल मंडळांच्या पातळीवर दोन हजारांहून अधिक स्वयंचलित हवामान केंद्रे उभी राहिली आहेत आणि त्यांच्या नोंदीही अशाच येतात. आकड्यांचा तुटवडा आता राहिलेला नाही. परंतु आकडा आला म्हणजे तो कळला असे नव्हे. तो कोणत्या रांगेत मांडला आहे आणि तो कोणत्या वेळेचा आहे, या दोन गोष्टींवर त्याचा उपयोग अवलंबून असतो. गावोगावी संगणक जाणणारे तरुण आता असे फलक स्वतः तयार करू लागले आहेत. त्यांना, तसेच ते फलक वाचणाऱ्या ग्रामकार्यकर्त्यांना व शेतकरी बंधूंना उपयोगी पडेल, या हेतूने या दोन गोष्टींचा विचार येथे केला आहे.

डोळा रांग पाहतो

तिफणीची काकरी कोठे वाकडी गेली आहे हे बांधावर उभ्या राहिलेल्या शेतकऱ्यास मोजपट्टीवाचून दिसते. सरळ रांगेत एक रोप बाजूला सरकले की नजर तेथेच अडते. मॅक्स वेर्टहायमर या मानसशास्त्रज्ञाने १९२३ साली या गोष्टीचा शास्त्रीय विचार मांडला. जवळ असलेल्या, सारख्या दिसणाऱ्या आणि एका रेषेत येणाऱ्या वस्तू आपली नजर आपोआप एका गटात धरते, असे त्याने दाखवून दिले. स्क्रीनवरील फलकासही हाच नियम लागू पडतो. जे एका रांगेत आहे ते एका जातीचे, असे वाचणारा गृहीत धरतो. म्हणून एका जातीचे आकडे एका रकान्यात आणि वेगळ्या जातीचे वेगळ्या रकान्यात असावेत. नदीची पातळी आणि धरणाचा विसर्ग एकाच रकान्यात एकाखाली एक लिहिल्यास फलक भरगच्च दिसतो, पण वाचणाऱ्याचा गोंधळ होतो.

शब्द डाव्या कडेस जुळवावेत, आकडे उजव्या कडेस. याचे कारण सोपे आहे. एककाखाली एकक आणि दशकाखाली दशक आले तरच लहानमोठेपणा लांबीवरून दिसतो. ८५०, १,४२८ व ११,५०० हे तीन विसर्ग डाव्या कडेस जुळवून लिहिले, तर ८५० मधील आठ हा ११,५०० मधील पहिल्या एकाच्या वर येतो आणि घाईत पाहणाऱ्यास लहान आकडा मोठा भासतो. उजव्या कडेस जुळवल्यास सर्वांत मोठा आकडा सर्वांत लांब दिसतो व न वाचताही कळतो. दशांश चिन्ह असल्यास सर्व चिन्हे एका उभ्या रेषेत यावीत आणि चिन्हानंतरच्या अंकांची संख्या सर्वत्र सारखी ठेवावी. अंकांसाठी टंक निवडताना सर्व अंक सारख्या रुंदीचे असलेला निवडावा, म्हणजे रांग मोडत नाही.

एका फलकावर अंकांची एकच लिपी असावी. देवनागरी ४ हा इंग्रजी आठासारखा आणि देवनागरी १ हा इंग्रजी नवासारखा दिसतो. दोन्ही लिप्यांचे अंक मिसळले, तर ४१ फूट वाचावयाचे की ८९ हा घोळ होण्यास वेळ लागत नाही. परिमाण रकान्याच्या मथळ्यात एकदाच लिहावे. विसर्ग क्युसेकमध्ये आहे की क्युमेकमध्ये, हे तेथे स्पष्ट असावे. एक क्युमेक म्हणजे सुमारे ३५.३ क्युसेक होत, आणि एक क्युसेक म्हणजे सेकंदास सुमारे २८.३ लिटर पाणी.

फूट आणि इंच यांचा फसवा दशांश

आपल्याकडे पंचगंगेची पातळी फूट-इंचांत बोलली जाते. ‘एकोणचाळीस नऊ’ म्हणजे ३९ फूट ९ इंच हे काठावरच्या माणसास सांगावे लागत नाही. परंतु हीच पातळी संगणकात ३९.९ अशी लिहिली की अडचण उभी राहते. पाणी आणखी एक इंच चढून ३९ फूट १० इंच झाले आणि ते ३९.१० असे लिहिले गेले, तर संगणक त्यास ३९.१ समजतो. प्रत्यक्षात पाणी एक इंच चढलेले असते, पण आलेखात ते जवळजवळ दहा इंच उतरलेले दिसते. धोका वाढत असताना फलक पूर ओसरल्याचे सांगतो. यापेक्षा अधिक अनर्थकारक चूक फलकात क्वचितच असेल.

उपाय सोपा आहे. आत साठवताना पातळी एकाच परिमाणात साठवावी, सर्व इंचांत किंवा सर्व मीटरमध्ये. ३९ फूट ९ इंच म्हणजे ४७७ इंच, ३९ फूट १० इंच म्हणजे ४७८ इंच. येथे चढ-उताराचा गोंधळ संभवत नाही. दाखवताना मात्र फुटांचा रकाना वेगळा व इंचांचा वेगळा ठेवावा आणि दोन्ही उजव्या कडेस जुळवावेत. केंद्रीय जल आयोग नदीची पातळी समुद्रसपाटीपासूनच्या उंचीने मीटरमध्ये देतो. बंधाऱ्यावरील फूटपट्टीचा आकडा त्याहून वेगळ्या मोजणीचा असतो. हे दोन आकडे एका रकान्यात कधीही घालू नयेत.

मोजपट्टीचा मध्य आणि नजरेचा मध्य

संगणक वस्तूभोवती एक अदृश्य चौकट कल्पितो व त्या चौकटीचा मध्य काढतो. नजर तसे करीत नाही. ती वस्तूचा भार पाहते. गोलात उजवीकडे टोक असलेला त्रिकोण चौकटीप्रमाणे मध्यावर बसवला तर तो डावीकडे सरकल्यासारखा दिसतो, कारण त्रिकोणाचा भारमध्य पायापासून रुंदीच्या एक तृतीयांशावर असतो, अर्ध्यावर नसतो. म्हणून त्यास रुंदीच्या सुमारे एक षष्ठांश उजवीकडे सरकवावे लागते. पाणी चढत आहे हे दाखवणाऱ्या बाणालाही हेच लागू आहे.

मराठी मजकुरासंबंधी आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. आपली अक्षरे शिरोरेखेला लटकलेली असतात. इंग्रजी अक्षरे खालच्या रेषेवर उभी असतात. त्यातच मात्रा, वेलांटी व रफार वर जातात आणि उकार खाली उतरतात. इंग्रजीसाठी आखलेल्या बटणात मराठी शब्द बसवला की तो वर किंवा खाली सरकलेला दिसतो, आणि दोन ओळींत अंतर कमी असेल तर वरच्या ओळीचा उकार खालच्या ओळीच्या मात्रेस भिडतो. म्हणून ओळींमधील अंतर सढळ, साधारणतः अक्षराच्या उंचीच्या दीडपट धरावे. शब्द बटणात जुळला की नाही, हे शिरोरेखा व अक्षराचे अंग पाहून ठरवावे. शेवटचा निवाडा मोजपट्टीने नव्हे तर नजरेने द्यावा. ओळंब्याने भिंत तपासणारा गवंडीही अखेर चार पावले मागे सरून पाहतोच.

रंगावर एकट्याने भिस्त ठेवू नये. लाल व हिरवा यांतील फरक न दिसणारे लोक असतात आणि त्यांत पुरुषांचे प्रमाण अधिक असते. लाल पट्टीबरोबर ‘धोका’ हा शब्द आणि बाणाबरोबर ‘चढ’ किंवा ‘उतार’ हा शब्द असावा.

वाहती नोंद म्हणजे काय

वहीतील नोंद लिहून संपते. केंद्राकडून येणारी नोंद पाटाच्या पाण्यासारखी असते. ती संपत नाही. पाटाचे पाणी जसे कधी कमी, कधी जास्त, तर कधी गाळासह येते, तशीच ही नोंद कधी उशिरा येते, कधी मागची पुढे येते, कधी दोनदा येते आणि कधी येतच नाही. या चारही गोष्टी होणारच असे धरून फलकाची व्यवस्था करावी.

प्रत्येक नोंदीबरोबर दोन वेळा साठवाव्यात: माप घेतल्याची वेळ आणि नोंद पोहोचल्याची वेळ. समजा, ६ वाजता पातळी ३८ फूट ४ इंच होती, पण मोबाइल मनोऱ्याची वीज गेल्याने ती नोंद ७ वाजून २० मिनिटांनी आली. मधल्या काळात ७ वाजताची ३९ फूट १ इंच ही नोंद येऊन गेली होती. जो फलक केवळ शेवटी आलेली नोंद दाखवतो, तो ७.२० ला पाणी नऊ इंच उतरल्याचे सांगेल. प्रत्यक्षात ते तासात नऊ इंच चढलेले आहे. म्हणून तुलना नेहमी माप घेतल्याच्या वेळेने करावी, आणि उशिरा आलेली नोंद तिच्या मूळ जागी बसवावी.

नोंद पोहोचल्याची पावती न मिळाल्यास यंत्र तीच नोंद पुन्हा पाठवते. पातळीच्या बाबतीत त्याने फारसे बिघडत नाही, पण पावसाची बेरीज बिघडते. महसूल मंडळात २४ तासांत ६५ मिलिमीटरहून अधिक पाऊस झाल्यास अतिवृष्टी धरली जाते, आणि पिकाच्या नुकसानीचे पुढील काम त्यावर अवलंबून असते. ३४ मिलिमीटर पाऊस दोनदा मोजला गेला तर ६८ होतो, आणि झाली नाही ती अतिवृष्टी कागदावर होते. केंद्राचा क्रमांक व मापाची वेळ या दोहोंची मिळून एक खूण करावी आणि त्या खुणेची नोंद एकदाच धरावी.

शून्य निराळे, नोंद नाही हे निराळे. पाऊस पडला नाही तेव्हा शून्य लिहावे. नोंद आली नाही तेव्हा आडवी रेघ घालावी. पर्जन्यमापकाच्या नरसाळ्यात पाने किंवा पक्ष्यांची घाण अडकली, तर पाऊस पडूनही यंत्र शून्य पाठवत राहते. शेजारच्या चार केंद्रांवर पाऊस असून आपल्याच केंद्रावर शून्य दिसल्यास प्रत्यक्ष जाऊन पाहावे.

दिवस कोठून कोठे, मुदत किती

पावसाचा दिवस मध्यरात्री बदलत नाही. भारतीय हवामान विभागाच्या पद्धतीप्रमाणे सकाळी ८.३० ते दुसऱ्या दिवशी सकाळी ८.३० असे २४ तास धरले जातात. भारतीय वेळ जागतिक प्रमाणवेळेच्या साडेपाच तास पुढे असल्याने, काही यंत्रांच्या नोंदीत हीच वेळ ३.०० अशी दिसते. फलक तयार करणाऱ्याने हे ध्यानात घेतले नाही, तर रात्रीचा जोरदार पाऊस दोन दिवसांत विभागला जातो आणि कोणताच दिवस अतिवृष्टीचा ठरत नाही.

तासाची बेरीज करताना उशिरा येणाऱ्या नोंदींसाठी किती थांबावे, हे आधी ठरवून ठेवावे. पंधरा मिनिटे थांबून आकडा ‘तात्पुरता’ म्हणून लावावा, आणि मागाहून नोंद आल्यास दुरुस्त करून ‘सुधारित’ असे लिहावे. इशाऱ्यासाठी मात्र थांबू नये. पातळीने इशाऱ्याची रेषा ओलांडली की तीच नोंद लगेच दाखवावी.

चढत्या नदीची सरासरी काढू नये. सहा तासांच्या नोंदी अनुक्रमे ३६ फूट, ३६ फूट ६ इंच, ३७ फूट, ३७ फूट ६ इंच, ३८ फूट आणि ३८ फूट ६ इंच अशा असतील, तर त्यांची सरासरी ३७ फूट ३ इंच येते. ती खऱ्या पातळीपेक्षा सव्वा फूट कमी आहे. सरासरीऐवजी वेग दाखवावा: तासास सहा इंच चढ. या वेगाने ३९ फुटांची इशारा पातळी एका तासात व ४३ फुटांची धोका पातळी नऊ तासांत येईल, असा हिशेब कोणासही करता येतो. वरच्या धरणाचा विसर्ग वाढल्यास हा अवधी कमी होतो, हे फलकावर लिहिण्यास विसरू नये.

एखादी नोंद असंभव वाटली, जसे दहा मिनिटांत दहा फूट चढ, तर ती पुसू नये. तिच्यापुढे ‘संशयित’ लिहावे आणि बंधाऱ्यावर दूरध्वनी करून फूटपट्टीवरील पातळी विचारावी.

हलते आकडे, स्थिर चौकट

वाहत्या नोंदीस स्थिर चौकट लागते. प्रत्येक नव्या नोंदीबरोबर ओळी खालीवर झाल्या, किंवा ९९ चे १०० झाल्यावर सारा रकाना सरकला, तर वाचणाऱ्याची नजर जागा हरवते व शेजारच्या गावाची पातळी आपली म्हणून वाचली जाते. म्हणून पुढील नियम पाळावेत.

१. ठिकाणांचा क्रम नदीच्या प्रवाहाप्रमाणे ठेवावा व तो बदलू नये. पंचगंगेसाठी आधी राधानगरी धरणाचा विसर्ग, मग राजाराम बंधारा, शेवटी नृसिंहवाडीचा संगम असा क्रम ठेवल्यास वरचे पाणी वरच्या ओळीत दिसते.

२. रकान्यांची रुंदी सर्वांत मोठ्या संभाव्य आकड्याएवढी आधीच धरावी.

३. ठिकाण, फूट, इंच, तासातील चढ-उतार आणि मापाची वेळ असे पाच रकाने पुरेत. विसर्गासाठी वेगळा तक्ता करावा.

४. आकडे उगाच दर सेकंदास बदलू नयेत. नदीसाठी दहा-पंधरा मिनिटांचा फेरा पुरेसा असतो.

५. नोंद किती वेळापूर्वीची आहे, हे प्रत्येक ओळीत दिसावे. दोन फेरे चुकले की त्या ओळीवर ‘नोंद थांबली’ असे लिहून यावे व जुना आकडा फिका व्हावा.

या पाचांतील शेवटचा नियम सर्वांत महत्त्वाचा आहे. बंद पडलेला फलक कोऱ्या फलकापेक्षा धोक्याचा असतो, कारण तो शांत दिसतो. संध्याकाळी सहा वाजता गोठलेला ३८ फुटांचा आकडा रात्री दहा वाजताही तसाच झळकत राहिला, तर पाहणारा पाणी स्थिर आहे असे समजून निर्धास्त झोपतो. ज्या यंत्रणेला आपली नोंद थांबल्याचे सांगता येत नाही, ती पुराच्या रात्री विश्वासास पात्र नाही.

पारख कशी करावी

फलक तयार झाल्यावर गावातील एखाद्या वयस्क माणसास दहा पावलांवर उभे करावे व विचारावे: आपल्या बंधाऱ्यावर आता किती पाणी आहे, चढत आहे की उतरत आहे, आणि ही नोंद कधीची आहे? तिन्ही उत्तरे न अडखळता मिळाली तर मांडणी साधली. नाही मिळाली, तर दोष वाचणाऱ्याचा नसून मांडणीचा आहे असे समजून फलक दुरुस्त करावा. हीच पारख पावसाळ्यापूर्वी, मे महिन्यात करावी. आणि त्याच वेळी मुद्दाम एक नोंद उशिरा, एक दोनदा पाठवून व एक गाळून फलक काय दाखवतो तेही पाहावे.

पुरात वीज जाते व मोबाइलचे जाळेही तुटते. म्हणून ग्रामपंचायतीच्या भिंतीवर एक काळा फळा असावा व त्यावर तेच पाच रकाने त्याच क्रमाने रंगवून ठेवावेत. स्क्रीन बंद पडल्यावर बंधाऱ्यावरून कळलेली पातळी खडूने त्यात लिहावी, आणि लिहिणाऱ्याने वेळ घालण्यास चुकू नये. डोळ्यांना सवय झालेली चौकट तीच राहिल्याने अंधारात, कंदिलाच्या उजेडातही गावकऱ्यास आपली ओळ सापडते. हा फळा रंगविण्यास एक दुपार पुरते. पंचगंगा-कृष्णेच्या काठावरील प्रत्येक ग्रामपंचायतीने ती दुपार येत्या मृगापूर्वी काढावी.